क्वागा: नावात हरवलेला झेब्रा

डोके, मान आणि खांद्यांवर ठसठशीत पट्टे. बरगड्यांपाशी येईपर्यंत ते फिके होत विरून जातात, पाठ आणि पुठ्ठे नुसते तपकिरी, पोट आणि पाय पांढुरके. दक्षिण आफ्रिकेतल्या कारू आणि फ्री स्टेटच्या माळावर चरणारा हा प्राणी म्हणजे क्वागा, मैदानी झेब्र्याची अगदी दक्षिणेकडची उपजात. त्याच्या ओरडण्यावरून खोइखोई लोकांनी त्याला हे नाव दिले.

एकोणिसाव्या शतकात वसाहतीतल्या शेतकऱ्यांना तो आपल्या मेंढ्या-बकऱ्यांचा चारा खाणारा वाटे. त्याचे मांस गड्यांना खाऊ घालत आणि कातड्याची धान्य भरायची पोती शिवत. पण त्याच्या संपण्याला आणखी एक कारण होते, आणि मला ते बंदुकीइतकेच महत्त्वाचे वाटते. स्थानिक बोलीत ‘क्वागा’ हा शब्द कुठल्याही झेब्र्यासाठी चाले. उत्तरेत पट्टेवाले ‘क्वागा’ भरपूर दिसत होते, त्यामुळे दक्षिणेतला खरा क्वागा संपत आलाय हे कुणाच्या ध्यानातच आले नाही. १२ ऑगस्ट १८८३ रोजी ॲमस्टरडॅमच्या आर्टिस प्राणिसंग्रहालयातली मादी मेली, तेव्हा संग्रहालयाने दुसरा क्वागा मागवला! मेलेली मादी शेवटची होती. जिवंत क्वागाचे फोटो आहेत तेही एकाच मादीचे, लंडनच्या प्राणिसंग्रहालयातल्या.

मागे उरली पेंढा भरलेली तेवीसेक कातडी. केप टाउनच्या संग्रहालयातले टॅक्सिडर्मिस्ट (मेलेल्या प्राण्यांत पेंढा भरणारे कारागीर) राइनहोल्ड राऊ यांनी १९६९ मध्ये तिथल्या शिंगराचे कातडे उसवले, तर आतल्या बाजूला वाळलेले मांस तसेच चिकटलेले. जुन्या कारागिराने ते नीट खरवडले नव्हते. त्याचा हा आळस विज्ञानाच्या पथ्यावर पडला.

जर्मनीतल्या माइन्झच्या क्वागाचे असेच वाळके मांस अमेरिकेतल्या बर्कलीला ॲलन विल्सन यांच्या प्रयोगशाळेत पोचले. ताज्या मांसातून जेवढा डीएनए निघावा, त्याच्या जेमतेम एक टक्का निघाला, तोही बारीक तुकड्यांत. ते तुकडे जीवाणूंमध्ये वाढवून १९८४ साली त्यातली २२९ अक्षरे, म्हणजे डीएनएच्या साखळीतले घटक, वाचली गेली. नामशेष प्राण्याचा डीएनए वाचण्याची ही पहिली वेळ. पहाडी झेब्र्याशी ताडून पाहता १२ अक्षरे वेगळी निघाली.

त्यातली दोन मात्र चुकीची होती. जुन्या डीएनएतली काही अक्षरे काळानुसार रासायनिकदृष्ट्या बिघडतात. जीवाणूत वाढवताना एका वेळी एकच रेणू पकडला जातो. तो नेमका बिघडलेला असला तर त्याच्या सगळ्या प्रतींत तीच चूक उतरते. पीसीआर या जीवाणूंविना डीएनएच्या प्रती काढण्याच्या पद्धतीत अनेक रेणूंच्या प्रती एकदम निघतात, म्हणून एकट्यादुकट्याची चूक दबून जाते. १९८८ मध्ये पीसीआरने पुन्हा वाचल्यावर ही दोन अक्षरे दुरुस्त झाली. पुढे २००५ मध्ये आणखी कातडी तपासली, तेव्हा क्वागाची शाखा सुमारे १,२०,००० ते २,९०,००० वर्षांपूर्वी इतर मैदानी झेब्र्यांपासून फुटली असे दिसले. उत्क्रांतीच्या हिशेबात हे कालपरवाचे.

मैदानी झेब्र्यांत उत्तरेकडून दक्षिणेकडे येताना पट्टे कमी होत जातात. राऊ यांनी तोच धागा धरला. १९८७ मध्ये नामिबियाच्या इटोशातून नऊ झेब्रे आणून निवडक पैदास सुरू झाली: ज्यांच्या मागच्या भागावर आणि पायांवर पट्टे कमी, त्यांचीच जोडी लावायची. तिसऱ्या-चौथ्या पिढीत मागचे पट्टे बरेच ओसरले; तपकिरी रंग मात्र रेंगाळतच आला. या प्राण्यांना ‘राऊ क्वागा’ म्हणतात, आणि वेगळे नाव ठेवले हे बरेच झाले, कारण इथे निवड होते ती दिसण्याची. सुरुवातीला वाचलेला डीएनए मायटोकॉन्ड्रियाचा, म्हणजे पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या भागातला, फक्त आईकडून येणारा. त्याने नाते कळते. पट्टे ठरवणारी जनुके पेशीकेंद्रात असतात, त्यांच्याबद्दल तो काही बोलत नाही.

नावाचा घोळ अजून मिटलेला नाही. क्वागाला शास्त्रीय नाव १७८५ मध्ये मिळाले, पट्टेवाल्या मैदानी झेब्र्याला १८२४ मध्ये. दोघे एकाच जातीचे ठरल्यावर नियमाप्रमाणे जुने नाव सगळ्यांना लागू झाले. म्हणून इटोशातला पट्टेवाला झेब्राही आज कागदोपत्री ‘इक्वस क्वागा’च, आणि कारूतल्या त्या अर्धपट्टेवाल्याबद्दल लिहायचे तर शब्द दोनदा लिहावा लागतो: इक्वस क्वागा क्वागा.