कॅमेऱ्यासमोर असणं आणि कॅमेरा हातात असणं

अपंग व्यक्तीवर माहितीपट निघाला की ‘ही गोष्ट त्यांच्याच शब्दांत’ असं हमखास सांगितलं जातं. शब्द त्यांचे असतातही. पण दोन तासांच्या मुलाखतीतली चार मिनिटं पडद्यावर येतात, आणि ती कोणती हे संकलनाच्या टेबलावर दुसरंच कुणीतरी ठरवतं. घरभाडं, प्रेम, नोकरीतली भांडणं गळतात. जिना चढतानाची धाप उरते आणि तिच्यावर व्हायोलिन चढतं. हा झाला सहभाग. स्वतःला स्वतः मांडणं याहून फार वेगळं.

किती वेगळं, ते अमेरिकी दिग्दर्शक रीड डेव्हनपोर्ट यांच्या ‘आय डिडन्ट सी यू देअर’ (२०२२) या माहितीपटात दिसतं. डेव्हनपोर्टना सेरेब्रल पाल्सी, म्हणजे मेंदूशी निगडित हालचालींचं अपंगत्व, आहे. चित्रीकरण त्यांनी स्वतः केलं, बरंचसं व्हीलचेअरवर बसून. त्यामुळे चौकटीत त्यांचं शरीर जवळपास येतच नाही. येतात सरकत जाणाऱ्या फरश्या, भिंती, वाट अडवणाऱ्या वस्तू आणि न विचारता मदतीला धावणारी माणसं. कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये त्यांच्या घराजवळ सर्कशीचा तंबू उभा राहतो आणि त्यांना बार्नम आठवतो. वेगळ्या शरीरांची माणसं तिकीट लावून दाखवणारा हा माणूस डेव्हनपोर्ट यांच्याच बेथेल गावात जन्मलेला. आजवर ज्याच्याकडे टक लावून पाहिलं गेलं, तोच इथे पाहतो आहे. मला हा बदल विलक्षण वाटतो, कारण त्यांची कीव करायला प्रेक्षकाला समोर कुणी सापडतच नाही.

म्हणजे सगळं एकट्यानंच करायला हवं, असं मुळीच नाही. ‘क्रिप कॅम्प’ (२०२०) जेम्स लेब्रेक्ट यांनी निकोल न्यूनहॅम यांच्यासोबत दिग्दर्शित केला. लेब्रेक्ट व्हीलचेअर वापरतात, आणि अपंग मुलांच्या ज्या शिबिरावर हा चित्रपट आहे, तिथे ते किशोरवयात स्वतः राहिलेले. तिथल्या दंग्याला आणि प्रेमप्रकरणांना कात्री लागली नाही, यात मला त्यांच्या दिग्दर्शकाच्या खुर्चीचा वाटा दिसतो.

आपल्याकडे ८ जुलै २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं पडद्यावरच्या अपंगत्वाच्या चित्रणाबाबत मार्गदर्शक सूचना दिल्या: अपंग व्यक्तींना सामील करून घ्या, त्यांच्याविषयी त्यांच्याविना काही नको. हे फार गरजेचं होतं. पण सामील करून घेणं म्हणजे एखाद्या सल्लागाराला पटकथा दाखवणं, एवढ्यावर निर्मात्यांनी थांबू नये. सल्लागार ‘हे दृश्य काढा’ असं सुचवू शकतो. दिग्दर्शक ते काढतो.