गेम ऑफ थ्रोन्स: ड्रॅगन कमी, भाऊबंदकी जास्त

गेम ऑफ थ्रोन्स ही टीव्ही सिरीज संपून आता बरीच वर्षं झाली, पण कुणी विषय काढला की लोक आधी शेवटाला शिव्या घालतात आणि मग तासभर पहिल्या सीझनबद्दल बोलत बसतात. असं का होतं ते कळायला जरा मागे जावं लागतं. (पुढे स्पॉयलर आहेत, बघायची राहिली असेल तर इथेच थांबा.)

मूळ पुस्तकं जॉर्ज आर. आर. मार्टिनची. हा माणूस 80 च्या दशकात अमेरिकन टीव्हीसाठीच लिहायचा आणि त्याच्या स्क्रिप्ट वाचून वरून एकच उत्तर यायचं, मस्त आहे पण बजेटमधे बसत नाही, पात्रं कमी कर, लढाई छोटी कर. वैतागून तो पुन्हा कादंबरीकडे वळला, तिथे हजार सैनिक लिहिले काय नि लाख लिहिले काय, कागदाचा खर्च तेवढाच! 1996 ला पहिलं पुस्तक आलं. म्हणजे टीव्हीला परवडणार नाही अशी गोष्ट त्यानं मुद्दाम लिहिली आणि नेमकी तीच टीव्हीवर आली.

मालमसाला मात्र खऱ्या इतिहासातला. इंग्लंडमधे 15व्या शतकात लँकेस्टर आणि यॉर्क ही दोन घराणी गादीसाठी तीसेक वर्षं एकमेकांच्या जिवावर उठली होती, आता सिरीजमधल्या दोन वैरी घराण्यांची, लॅनिस्टर आणि स्टार्क ही नावं मोठ्याने म्हणून बघा. सिरीजमधली उत्तरेची ती बर्फाची भिंत सुचली रोमन लोकांच्या हेड्रियनच्या भिंतीवरून, तिथे मार्टिन 1981 ला जाऊन आला होता. आणि रेड वेडिंग, म्हणजे लग्नाला बोलावून पाहुण्यांची कत्तल करतात तो प्रसंग? 1440 साली एडिनबरा किल्ल्यात डग्लस घराण्याच्या कोवळ्या वारसाला भावासकट जेवायला बोलावून मारलं होतं, त्यावरून. लग्नाच्या मांडवात घात करायची कल्पना विकृत वाटते खरी, पण इतिहास त्याहून फार सभ्य नाहीये.

सिरीज बनवणाऱ्या बेनिऑफ आणि वाइस या जोडीनं 2009 मधे पायलट, म्हणजे नमुन्याचा पहिला एपिसोड शूट केला तो सपशेल फसला. मित्रांना दाखवला तर राणी सर्सी आणि जेमी लॅनिस्टर सख्खे भाऊबहीण आहेत हेच कुणाला कळलं नाही, आणि ते कळलं नाही तर दोघं एकत्र पकडले जातात त्या शेवटच्या सीनला अर्थ काय उरतो! बराचसा भाग परत शूट केला, डनेरिस आणि कॅटलिन या पात्रांच्या नट्या बदलल्या, आणि 17 एप्रिल 2011 ला एचबीओ या अमेरिकन चॅनेलवर एकदाची सिरीज सुरू झाली.

आता माझं मत. पहिला सीझन भारी झाला त्याला पैशाची चणचण हेही एक कारण आहे. एवढी मोठी लढाई, पण सर्सीचा धाकटा भाऊ टिरियन याच्या डोक्यात घाव बसतो, तो बेशुद्ध आणि शुद्धीवर येतो तोवर लढाई संपलेली, कारण दाखवायला पैसेच नव्हते! काही एपिसोड लांबीला कमी पडत होते म्हणून पुस्तकात नसलेले, दोघं जण खोलीत बसून बोलतात असे स्वस्तातले सीन लिहिले गेले. राजा रॉबर्ट आणि त्याची राणी सर्सीचा तो सीन त्यातलाच, तो विचारतो हे राज्य टिकलंय कशावर, ती म्हणते आपल्या लग्नावर, आणि दोघंही खदखदून हसतात. ड्रॅगन तर सीझनच्या अगदी शेवटी अंड्यातून बाहेर येतात, तोपर्यंत नुसती भाऊबंदकी चालूय आणि आपण खिळून बसलोय. पोस्टरवर सिंहासनावर बसवलेला हिरो नेड स्टार्क नवव्या एपिसोडमधे मारला तेव्हा कळलं की इथे हिरो बिरो कुणी सेफ नाही.

मग पैसा आला, 2015 नंतर सिरीज पुढे निघून गेली आणि पुस्तकंही मागे पडली. आधी उत्तरेतून राजधानीला जायला कित्येक एपिसोड लागायचे, नंतर लोक चहा पिऊन आल्यासारखे ये-जा करायला लागले. आधी वर्षाला 10 एपिसोड, शेवटी 7 आणि 6. लढाया भव्य, पण आठव्या सीझनची मोठी लढाई एवढ्या अंधारात की कोण कुणाला मारतंय ते दिसेना, आणि पुढच्याच एपिसोडमधे टेबलावर कॉफीचा कप राहिलेला.

तरी 19 मे 2019 चा शेवट एकट्या अमेरिकेत त्या रात्री 1.93 कोटी लोकांनी बघितला, पहिला एपिसोड जेमतेम 22 लाखांनी बघितला होता. शेवटचा सीझन परत बनवा म्हणून ऑनलाइन पिटिशनवर 10 लाखांहून जास्त सह्या पडल्या त्या वेगळ्याच. मी सही केली नाही, मी रॉबर्ट-सर्सीचा सीन परत लावला.