धर्मसंज्ञा (कोल्हापूर परिसर)

धर्मात किंवा दर्शनात ठरावीक अर्थाने रूढ झालेला शब्द म्हणजे धर्मसंज्ञा. नुसत्या व्युत्पत्तीवरून तिचा अर्थ लागत नाही; ती कुणाच्या तोंडी आहे हे आधी पाहावे लागते. अंबाबाईचे देऊळ, लक्ष्मीसेन भट्टारकांचा जैन मठ, लिंगायतांचे मठ, बाबूजमाल दर्गा आणि चर्च एकाच शहरात असल्याने कोल्हापूरकराच्या कानावर एकच शब्द वेगवेगळ्या अर्थांनी पडतो.

अंबाबाईच्या देवळात तळहातावर घेतात ते तीर्थ. जैनांत मुनी, आर्यिका (साध्वी), श्रावक आणि श्राविका यांचा चतुर्विध संघ हेही तीर्थच, आणि ते प्रवर्तित करणारा तो तीर्थंकर. यातला श्रावक गृहस्थ असतो. बौद्धांच्या पालीतला ‘सावक’ मात्र बुद्धाचा शिष्य, मग तो भिक्खू का असेना.

सर्वांत जास्त घोटाळा ‘कर्म’ या शब्दाने होतो. मीमांसकांना, म्हणजे वेदांतल्या विधींचा अर्थ लावणाऱ्या दर्शनाच्या अनुयायांना, त्यातून यज्ञादी विधी अभिप्रेत आहेत. बुद्धाने चेतनेला, म्हणजे कृतीमागच्या हेतूला, कर्म म्हटले. जैन दर्शनात कर्म हे चक्क द्रव्य आहे : जीवाला चिकटणारे सूक्ष्म पुद्गल, म्हणजे जड पदार्थाचे कण. ते आत येणे म्हणजे आस्रव, तपाने झडून जाणे म्हणजे निर्जरा. कुंभोजच्या बाहुबली या जैन तीर्थक्षेत्री प्रवचन ऐकताना ‘कर्म झडते’ हे शब्द आले, तर ते अलंकारिक नसून शब्दशः घ्यायचे असतात. ‘पुद्गल’ हाही असाच शब्द. जैनांत तो जड पदार्थ, बौद्धांत व्यक्ती.

जमिनीच्या कागदपत्रांत स्थावर-जंगम मालमत्ता असते. लिंगायतांत जंगम म्हणजे फिरता गुरू, चालतेबोलते शिवरूप. बसवण्णांच्या वचनांत स्थावर नाशवंत आणि जंगम अविनाशी आहे. ‘उरूस’ हा मूळ अरबी शब्द लग्नाचा. सूफी संताचा मृत्यू हे ईश्वराशी मीलन, म्हणून पुण्यतिथीला उरूस. या भागात हिंदू ग्रामदैवताच्या जत्रेलाही सर्रास उरूसच म्हणतात. तिथे तो मीलनाचा अर्थ उरलेला नाही. मराठी बायबलमधला ‘पवित्र आत्मा’ हा ईश्वराच्या त्रैक्यातला, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा या तिघांतला, एक आहे. वेदान्तातल्या आत्म्याशी त्याची गल्लत केली, तर दोन्ही हातचे जातात.

संज्ञा कुणी वापरायची, यावरही या शहरात मोठा संघर्ष झाला. राजघराण्याचे विधी वेदमंत्रांनी करण्यास पुरोहितांनी नकार दिल्याने पेटलेल्या वेदोक्त प्रकरणात ‘वेदोक्त’ (वेदमंत्रांनी होणारे) आणि ‘पुराणोक्त’ (पुराणांतल्या मंत्रांनी होणारे) या दोन शब्दांमध्ये वर्णाचा हक्कच अडकलेला होता. पुढे 1920 मध्ये शाहू महाराजांनी पाटगावच्या मौनी महाराजांच्या मठावर क्षात्रजगद्गुरू नेमले. शंकराचार्यांच्या आणि वीरशैवांच्या पीठांना लागणारी ‘जगद्गुरू’ ही संज्ञा त्यामुळे मराठा धर्मगुरूला मिळाली.