पार्श्वभूमी : रुजेरो राइमोंदी आणि ऑपेराचा कॅमेरा

सिनेमावाल्यांनी ऑपेराच्या गायकावर फार काळ विश्वास टाकला नाही. १९५३ च्या ‘आयदा’ या इटालियन ऑपेरा-चित्रपटात पडद्यावर सोफिया लॉरेन होती आणि आवाज गायिका रेनाता तेबाल्दीचा. गाणाऱ्याने गावं, दिसणाऱ्याने दिसावं, असा सरळ हिशेब.

हा हिशेब ज्यांनी मोडला, त्यांत इटालियन ऑपेरा-गायक रुजेरो राइमोंदी ठळक. जन्म १९४१, बोलोन्याचा. १९६४ मध्ये स्पोलेतोला ‘ला बोएम’ या ऑपेरातून रंगमंचावर पदार्पण. आवाज खर्जातला आणि भरदार, पण स्वभाव बुजरा. त्याच्यातला नट घडवण्यात पिएरो फाज्जोनी या दिग्दर्शकाचा मोठा हात होता.

१९७९ मध्ये जोसेफ लोझीने मोझार्टच्या ‘डॉन जोवान्नी’ या ऑपेरावर चित्रपट केला, तोही गायकांनाच घेऊन; जोवान्नी होता राइमोंदी. लोरिन माझेलच्या संचालनाखाली संगीत आधीच ध्वनिमुद्रित झालं होतं. मग इटलीतल्या विचेन्झा शहराच्या परिसरात, वास्तुविशारद पाल्लादिओच्या वास्तूंमध्ये चित्रीकरण झालं. आवाज स्वतःचाच, तरी काम सोपं नव्हे. ओठ जुळले आणि छाती, गळा स्वस्थ राहिला, तर खोटेपणा लगेच उघडा पडतो. शिवाय नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेसाठी केलेले हातवारे क्लोजअपमध्ये हास्यास्पद वाटतात. राइमोंदीने चेहरा जवळजवळ थंड ठेवला. त्याचा जोवान्नी रंगेल कमी आणि कंटाळलेला उमराव जास्त वाटतो; माझ्या मते हीच त्या भूमिकेची खरी धार.

पुढे फ्रान्चेस्को रोझीच्या ‘कार्मेन’मध्ये (१९८४) तो एस्कामिय्यो हा बैलझुंजीतला वीर झाला. अधूनमधून ऑपेराबाहेरचं कामही केलं. आलँ रेनेच्या १९८३ च्या चित्रपटात तो आहे. रंगमंच मात्र सुटला नाही.

खरी कसोटी १९९२ च्या ‘तोस्का’ या ऑपेराची. कथेतल्या मूळ जागा आणि मूळ वेळा पाळून रोममधून थेट प्रक्षेपण: सांत आंद्रेआचं चर्च, फार्नेझे राजवाडा आणि पहाटेचा सांत आंजेलो किल्ला. झुबिन मेहता वाद्यवृंदासह दुसरीकडे, गायक इकडे, आणि गाणं प्रत्यक्ष. दुसऱ्या टेकची सोयच नाही. राइमोंदी स्कार्पिया, म्हणजे कथेतला पोलीसप्रमुख, होता.

२००१ मध्ये दिग्दर्शक बेन्वा झाकोच्या ‘तोस्का’ चित्रपटात तो पुन्हा स्कार्पिया झाला, या वेळी प्लेबॅकवर. पण झाकोने ध्वनिमुद्रणाची कृष्णधवल दृश्यंच चित्रपटात पेरली. राजवाड्यातला क्रूर पोलीसप्रमुख आणि रोजच्या कपड्यांत माइकसमोर उभा असलेला गायक आलटून पालटून दिसतात. प्लेबॅक लपवायचा खटाटोपच त्याने केला नाही.