अनुबोधपट, कोकणातील

कोकण किनारपट्टीवरील हलाखी व राजकीय असंतोष यांचे प्रत्यक्ष स्थळी, प्रत्यक्ष माणसांसह केलेले चित्रण. ‘माहितीपट’ हा शब्द अधिक रुळलेला असला, तरी माहितीपलीकडचा बोध त्यात सामावत नाही. म्हणून येथे ‘अनुबोधपट’ हाच स्वीकारला आहे.

आरंभाविषयी मतभेद आहेत. ह. स. भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी मुंबईत हँगिंग गार्डन येथे केलेले कुस्तीचे चित्रण सामान्यतः १८९९ मधील मानतात व काही अभ्यासक भारतीय अनुबोधपटाचा प्रारंभ तेथे धरतात. ती कुस्ती मात्र चित्रणासाठीच योजलेली दिसते. केंब्रिजहून रँग्लर (गणिताच्या परीक्षेत प्रथम श्रेणीचा मानकरी) होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांच्या स्वागताचे सावेदादांनीच डिसेंबर १९०१ च्या सुमारास केलेले चित्रण घडत्या घटनेचे असल्याने अधिक ग्राह्य वाटते. परांजपे दापोली तालुक्यातील मुर्डीचे. कोकणचा माणूस पडद्यावर इतक्या लवकर आला, तो विजयी होऊन. बोटीने मुंबई गाठून गिरणीत राबणारा चाकरमानी पुढे कित्येक दशके पडद्याबाहेर राहिला. भूगोलाने कोकणातच मोडणाऱ्या मुंबईतील झोपडीवासीयांची बेघर होण्याची व्यथा आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) आली.

कोकणात चित्रणाचा ऋतू निर्णायक ठरतो. जांभ्याचा सडा, म्हणजे जांभा दगडाचे उघडे पठार, मे महिन्यात काळवंडलेला, भाजून निघालेला दिसतो. जुलै-ऑगस्टमध्ये त्याच कातळावर खळग्यांत पाणी साचते, गुरांना चारा होतो, ‘सीतेची आसवे’ या रानफुलांची निळाई पसरते. माती धरलेल्या तुकड्यांत नाचणी-वरी उभी असते. चित्रपथक पावसाआधीच परतले, तर सरकारी कागदावरचा ‘पडीक’ हा शेराच पडद्यावर उतरतो.

रत्नागिरी जिल्ह्यातील माडबन परिसरातील, मूळ आराखड्यानुसार ९,९०० मेगावॉटच्या नियोजित जैतापूर अणुऊर्जा प्रकल्पाचा वाद बऱ्याच अंशी याच शब्दाचा आहे. पाच गावांतील सुमारे ९३८ हेक्टर जमीन त्यासाठी घेतली गेली; ती नापीक नाही, असे सांगत अनेकांनी भरपाईचे धनादेश नाकारले. जवळच्या साखरी नाटे गावच्या मच्छीमारांची जमीन त्यात गेली नव्हती. त्यांची धास्ती समुद्रात सोडल्या जाणाऱ्या गरम पाण्याची होती, आणि समुद्राचा सातबारा कोणाच्याच नावावर नसतो. १८ एप्रिल २०११ रोजी पोलीस गोळीबारात तेथील एक तरुण मृत्यू पावला.

राजापूर तालुक्यातील बारसूच्या सड्यावर तेलशुद्धीकरण प्रकल्पासाठीच्या माती-परीक्षणाला झालेला विरोधही एप्रिलमधलाच (२०२३). अशा उन्हाळ्यातील आंदोलनांच्या चित्रणांना श्रावणातील सड्याची जोड द्यायला हवी.