पालक काळा का पडतो?

नागपुरात गोकुळपेठेच्या बाजारातून आणलेली कोवळी जुडी, कुकरच्या दोन शिट्ट्या, मग मिक्सर. भांड्यात येतो शेवाळी लगदा, आणि घरात निकाल लागतो: "हॉटेलवाले रंगच टाकत असतील!" कुणी टाकतही असेल. पण हिरव्यागार प्युरीला रंग लागत नाही, एक अणू सांभाळावा लागतो.

तो मॅग्नेशियमचा. हरितद्रव्याच्या रेणूत नायट्रोजनच्या चार अणूंच्या मधोमध तो बसलेला असतो. पानाच्या पेशीत आम्लंही असतात, पण वेगळ्या पिशवीत, म्हणजे रिक्तिकेत कोंडलेली. उष्णतेनं पेशीतले पडदे फाटतात, आम्ल हरितद्रव्यापर्यंत पोचतं आणि हायड्रोजनचे दोन आयन मॅग्नेशियमला उठवून त्याच्या जागी बसतात. झालं फिओफायटिन. बाकी रेणू जवळजवळ तसाच, रंग मात्र गेला! झाकण असलं की वाफेबरोबर उडणारी आम्लंही परत पाण्यातच पडतात. कुकरचं तर बोलायलाच नको.

म्हणून मोठ्या गंजात, म्हणजे पातेल्यात, भरपूर पाणी उकळा आणि झाकण न ठेवता पानं मिनिटभर बुडवा. सुरुवातीला ती उलट जास्तच हिरवी दिसतात, कारण पेशींमधली हवा प्रकाश विखरून रंग फिका करत असते, ती निघून जाते. लगेच गार पाण्यात टाका. डिसेंबरात नागपूरच्या नळाचं पाणी चालून जाईल. मे महिन्यात टाकीच्या पाण्यात चहा तेवढा करायचा राहतो, तेव्हा बर्फच हवा. पानं पिळून हिरवी मिरची आणि सांबारासोबत, म्हणजे आमच्याकडच्या कोथिंबिरीसोबत, वाटा.

खाण्याच्या सोड्यानं आम्ल मारलं जातं, रंग टिकतो. पण पेशीभित्ती ढिल्या पडून पानांचा चिखल होतो आणि ब-१ जीवनसत्त्वही जातं. मी टाकत नाही.

हीच चौकट, मधोमध लोह घेऊन, रक्तातल्या हीम नावाच्या लाल रंगद्रव्यामध्येही असते. हरितद्रव्यावरच्या कामासाठी रिखार्ड विलश्टेटर यांना १९१५ चं नोबेल मिळालं, हीम आणि हरितद्रव्याच्या रचनेसाठी हान्स फिशर यांना १९३० चं. एवढ्या साम्यावर 'हिरवं रक्त' म्हणून गव्हांकुराचा रस विकला जातो. शरीर मॅग्नेशियम काढून तिथं लोह बसवत नाही हो!

हरितद्रव्याला फायटॉलची लांब, तेलात विरघळणारी शेपटी असते. म्हणून फोडणीत प्युरी पडली की तेलच हिरवं होतं. लिंबू मात्र ताटात वाढल्यावर पिळा.