४९८-अ चा तपास आणि पोलिसांचा जाच: हायकोर्टात जाण्याआधी हातात काय हवं

नवऱ्याने किंवा सासरच्यांनी केलेल्या छळाच्या (४९८-अ) गुन्ह्यात तपासाच्या नावाखाली रोज बसवून ठेवतात, दम देतात, अशी तक्रार घेऊन माणसं येतात तेव्हा मी पहिलं विचारते, नोटीस कुठे आहे? बहुतेकांकडे नसते. जमादाराचा फोन येतो, "साहेबांनी बोलावलं", आणि सोयाबीनची सोंगणी टाकून सत्तरीचा सासरा तालुक्याला जातो. दिवसभर बाकावर बसून संध्याकाळी परत. कोर्टाला दाखवायला यातलं काहीच उरत नाही.

१ जुलै २०२४ नंतरच्या घटनांना ४९८-अ ऐवजी भारतीय न्याय संहितेचं कलम ८५ लागतं. शिक्षा पूर्वीसारखीच, तीन वर्षांपर्यंत. एवढ्या शिक्षेच्या गुन्ह्यात अटकेची गरज नसेल तर पोलिसांनी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) ची लेखी नोटीस द्यायलाच हवी. ती व्हॉट्सॲपवर पाठवलेली चालत नाही, हे सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केलं आहे. म्हणून फोन आला की त्याच दिवशी ठाणेदाराच्या नावे अर्ज करा: लेखी नोटीस द्या, मी हजर राहतो. पोच देत नसतील तर स्पीड पोस्टने पाठवा, एक प्रत पोलीस अधीक्षकांना. ती पावती सांभाळा.

नोटीस आल्यावर मात्र घाबरून पाहुण्यांकडे निघून जाऊ नका. हजर राहणाऱ्याला लेखी कारण नोंदवल्याशिवाय अटक करता येत नाही. गैरहजर राहिलात तर पोलिसांना आयतं कारण मिळतं. साक्षीदार म्हणून बोलावलेल्या बाईला किंवा साठीपुढच्या पुरुषाला नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ नुसार ठाण्यात यायची सक्ती नाही, जबाब घरी येऊन घ्यावा लागतो. हे ठाण्यात कोणी आपणहून सांगत नाही, म्हाताऱ्या सासूला तासन्तास ताटकळत ठेवतात. हे पाहून चीड येते.

मारहाण झाली असेल तर त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात तपासणी करून घ्या. ठाण्यातलं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवा असा लेखी अर्जही लगेच द्या. ते किमान वर्षभर ठेवावं, असा सुप्रीम कोर्टाचा डिसेंबर २०२० चा आदेश आहे, पण त्या भरवशावर थांबू नका.

विदर्भाचे अकराही जिल्हे नागपूर खंडपीठाकडे येतात. जाचाविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करता येते. गुन्हाच रद्द करा ही मागणी वेगळी, तिला नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ५२८ लागतं. दोन्हीची खिचडी केली की जाचाचा मुद्दा मागे पडतो. अटकेबाबत सुप्रीम कोर्टाच्या २०१४ च्या अर्नेश कुमार निकालातले निर्देश मोडले असतील तर अवमान याचिका करता येते. तिची मुदत त्या घटनेपासून एक वर्ष. "केस संपू द्या, मग बघू" म्हणणारे इथेच अडकतात.

बाकी कागद नेहमीचे: एफआयआरची प्रत, आधार, प्रतिज्ञापत्र, वकीलपत्र. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत विचारा किंवा १५१०० वर फोन करा.

फिर्यादी मुलीलाही हे सगळं लागू आहे. ठाण्यात तक्रार घेत नसतील, "मिटवून घे" म्हणत चकरा मारायला लावत असतील, तर तिने नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली पोलीस अधीक्षकांना टपालाने अर्ज पाठवावा. पुढे मॅजिस्ट्रेटकडे जायचं झालं तर त्या अर्जाची प्रत आणि प्रतिज्ञापत्र आधी मागतात.